मालाडचा जर्मन

मालाड हे एकेकाळी ठाणे जिल्ह्यातले गाव होते, हे आज मालाडच्या माणसालाही सांगावे लागते. साष्टी हा ठाणे जिल्ह्याचा तालुका होता आणि मालाड त्या तालुक्यात मोडायचे. १९२० मध्ये साष्टीचा मोठा तुकडा तोडून मुंबई उपनगर जिल्हा झाला, आणि बृहन्मुंबईत मालाड गेले ते तर थेट १९५७ मध्ये. मधली वर्षे ते धड शहर नव्हते आणि धड खेडेही नव्हते. भातखाचरे, ताडाची झाडे, मुंबईच्या धनिकांचे हवा पालटायला बांधलेले बंगले आणि १९२८ पासून बोरिवलीपर्यंत धावणारी विजेची गाडी, असा तिथला थाट. त्या बंगल्यांपैकी एक एफ. ई. दिनशा यांचा. १९३४ मध्ये हिमांशु राय आणि देविका राणी यांनी त्याच्या आवारात ‘बॉम्बे टॉकीज’चा स्टुडिओ उभारला, आणि तो चालवायला थेट म्युनिकहून माणसे आणली. दिग्दर्शक फ्रान्झ ओस्टेन, नेपथ्याला काउंट कार्ल फॉन श्प्रेती, लॅबोरेटरीत विल्हेल्म झोले आणि कॅमेऱ्यावर जोसेफ विर्शिंग. यांतले बाकीचे यथावकाश परत गेले. विर्शिंग राहिला.

श्प्रेतीचे पुढे काय झाले ते इथेच सांगून टाकतो, कारण पुन्हा त्याच्याकडे वळायला सवड मिळणार नाही. मालाडच्या आवारात खोटी गावे आणि खोटे वाडे उभे करणारा हा सरदारपुत्र नंतर पश्चिम जर्मनीच्या राजकारणात शिरला, ग्वातेमालात राजदूत झाला आणि १९७० मध्ये तिथल्या बंडखोरांनी त्याला पळवून नेऊन ठार केले. त्याच्या या शेवटामुळे त्याचे नाव इतिहासात नोंदले गेले. विर्शिंगच्या वाट्याला असे काही नाट्य आले नाही. त्याच्या नावाची ओळ चित्रपटाच्या सुरुवातीच्या पाट्यांवर असते, आणि त्या पाट्या सरकत असताना आपले प्रेक्षक अजून खुर्ची शोधत असतात.

विर्शिंगचा जन्म म्युनिकचा, १९०३ चा. तिथल्या ‘एमेल्का’ कंपनीत तो कॅमेऱ्याचे काम शिकला. भारतात तो पहिल्यांदा आला १९२५ मध्ये, बाविसाव्या वर्षी. हिमांशु राय तेव्हा बुद्धचरित्रावर ‘द लाइट ऑफ एशिया’ म्हणजेच ‘प्रेम संन्यास’ हा मूकपट करत होता. गौतम तो स्वतःच झाला होता, दिग्दर्शनाची मुख्य धुरा ओस्टेनवर होती आणि कॅमेऱ्यावर विली किरमायर व विर्शिंग असे दोघे. स्टुडिओतले सेट, कृत्रिम दिवे, बनावट सामान आणि रंगरंगोटी यांतले काहीही न वापरता हा चित्रपट केला आहे, असे त्याच्या सुरुवातीच्या पाटीवर अभिमानाने लिहिलेले आहे. अभिमानाचा भाग सोडला, तरी कॅमेरामनच्या दृष्टीने ही मोठी शिक्षा होती. जयपूरच्या महाराजांचे हत्ती होते, दागदागिने होते, माणसांची तर वानवा नव्हतीच, पण दिवा एकच आणि तो आभाळात. भर दुपारी तो डोक्यावर आला की डोळ्यांच्या खोबणीत काळोख आणि नाकावर पांढरा चट्टा. अशा वेळी कॅमेरामन काय करतो? ऊन कलायची वाट पाहतो, माणसाला कमानीच्या सावलीत नेतो, नाहीतर समोरून चकचकीत पत्रे धरून उजेड परत फिरवतो.

हे मुद्दाम सांगतो, कारण विर्शिंगविषयी लिहिणारे बहुतेक जण एका वाक्यात निकाल लावतात: जर्मन अभिव्यक्तिवादाच्या सावल्या त्याने हिंदी चित्रपटात आणल्या. हे खोटे नाही, पण अर्धवट आहे. बर्लिनच्या त्या गाजलेल्या सावल्या बंद स्टुडिओत, कधी कधी भिंतीवर चक्क रंगवून काढलेल्या होत्या. विर्शिंगचा भारतातला पहिला धडा मात्र उन्हाचा होता, आणि त्याची सावली नेहमी कशाची तरी असते: जाळीची, खांबाची, झाडाची. पुढे ‘महल’ बघताना हा फरक डोळ्यांत भरतो.

शिवाय जर्मनीची हवा मराठी चित्रपटाला तोवर वेगळ्या वाटेने लागलेलीच होती. ‘सैरंध्री’च्या रंगीत प्रतींसाठी शांतारामबापू १९३३ मध्ये जर्मनीला गेले, तिथले स्टुडिओ डोळे भरून पाहून आले आणि पुण्यात त्यांनी ‘अमृतमंथन’ केला. त्यात नट चंद्रमोहनचा पडदाभर डोळा टिपणारे केशवराव धायबर कोल्हापूरच्या मातीत, बाबूराव पेंटरांच्या हाताखाली तयार झालेले. त्यांच्या प्रभात कंपनीचा कारभार असा होता: आपली माणसे, घरचे शिक्षण आणि परदेशातून आणायची ती फक्त नजर. हिमांशु रायचे गणित उलटे होते. त्याने पब्लिक लिमिटेड कंपनी काढली, संचालक मंडळावर मुंबईचे सर आणि शेठ बसवले आणि कारागीरच आयात केले. अट एवढीच की त्यांनी हाताखालच्या भारतीय मुलांना काम शिकवायचे. ही अट कागदावर राहिली नाही, हे बॉम्बे टॉकीजचे मोठेपण.

पहिला चित्रपट ‘जवानी की हवा’, १९३५ चा. खुनाचे रहस्य, आणि बरीचशी गोष्ट आगगाडीत. त्यानंतर ‘जीवन नैया’ चालू असताना नायक नजमुल हसन आणि नायिका देविका राणी दोघेही स्टुडिओतून पळाले. समजूत घालून देविका राणीला परत आणले गेले, नायकाला मात्र दार बंद झाले आणि लॅबोरेटरीत काम करणाऱ्या अशोककुमारला कॅमेऱ्यासमोर उभे केले. ओस्टेनला हा मुलगा पसंत नव्हता म्हणतात. पण रायने ठरवले ते ठरवले. नवखा, हात कुठे ठेवावे ते न कळणारा नट आणि लंडनमध्ये शिकून आलेली, कॅमेऱ्याची पूर्ण सवय असलेली नटी, अशी ही जोडी पडद्यावर शोभून दिसावी याची अर्धी जबाबदारी साहजिकच कॅमेऱ्यामागच्या माणसावर पडली.

ती त्याने कशी पेलली, ते बघायला १९३६ चा ‘अछूत कन्या’ काढावा. चित्रपट सुरू होतो रात्री, रेल्वे फाटकाशी. फाटक बंद, एक मोटार अडलेली आणि बाजूला कुणा कस्तुरीचे स्मारक. तिथून गोष्ट मागे जाते: फाटकवाल्याची अस्पृश्य मुलगी कस्तुरी आणि ब्राह्मण दुकानदाराचा मुलगा प्रताप. गावातला दिवस विर्शिंगने सपाट, उघडा ठेवला आहे, जणू उन्हात लपवण्यासारखे काही नाही. देविका राणी जवळ आली की मात्र उजेडाची जात बदलते. केसांच्या मागून एक दिवा, त्यामुळे डोक्याभोवती बारीक रुपेरी कड उमटते आणि चेहरा मागच्या झाडीपासून सुटा होतो. समोरचा उजेड मऊ, आणि डोळ्यांत एक ठिपका. फाटकवाल्याच्या पोरीला हा युरोपी नटीचा उजेड शोभतो का, असा प्रश्न कुणी विचारला तर तो रास्त आहे. कोरलेल्या भुवयांची ती अस्पृश्य मुलगी आज पाहताना थोडे अवघडायला होतेच. पण १९३६ च्या प्रेक्षकाला पडद्यावर अस्पृश्य मुलीचा चेहरा एवढ्या आदराने, एवढा वेळ दाखवला जाण्याची सवय नव्हती, हेही तितकेच खरे.

आणि त्याच १९३६ मध्ये, अस्पृश्यतेवरचा हा चित्रपट ज्याने दिग्दर्शित केला, त्या फ्रान्झ ओस्टेनने नाझी पक्षाचे सभासदत्व घेतले. दोन्ही गोष्टी एकाच माणसाच्या, एकाच वर्षातल्या. दोन्हींची सांगड कशी घालायची हे ज्याचे त्याने ठरवावे. मला ती घालता आलेली नाही.

मालाडला ओस्टेनने पाच वर्षांत सोळा चित्रपट केले. हिंदी भाषा त्याला येत नव्हती. संवाद दुसरे कुणीतरी सांभाळायचे, तो हालचाल आणि चेहरा बघायचा. विर्शिंगचे तर काम मुळातच भाषेविना चालणारे. ‘जन्मभूमी’, ‘जीवन प्रभात’, ‘सावित्री’, ‘निर्मला’, ‘भाभी’, ‘वचन’ अशी रांग लागली. सगळे चित्रपट सारख्या तोलाचे नाहीत, काही तर आज बसून बघवत नाहीत. पण कारखाना शिस्तीत चालला होता. महिन्याच्या महिन्याला पगार, ठरलेल्या वेळी काम, आणि तऱ्हेतऱ्हेच्या जातिधर्मांची माणसे एका आवारात.

या आवाराचे दर्शन आज आपल्याला घडते तेही विर्शिंगमुळेच. चित्रीकरणाच्या मधल्या वेळात तो स्वतःच्या लायकाने फोटो काढायचा. चित्रपटाच्या जाहिरातीसाठी लागणारे तर काढायचाच, पण त्याखेरीज कॅमेऱ्याच्या मागे काय चालले आहे तेही. सहा हजारांहून अधिक फोटो आणि निगेटिव्ह त्याच्या कुटुंबाने जपून ठेवले. २०१७ मध्ये पणजीच्या सेरेंडिपिटी कला महोत्सवात त्यांचे प्रदर्शन भरले आणि पुढे देबश्री मुखर्जी यांनी संपादित केलेला ग्रंथही निघाला. आपल्याकडे सुरुवातीच्या चित्रपटांच्या मूळ प्रतींची काय दैना झाली हे सर्वांना माहीत आहे. चित्रपट हरवले, स्टुडिओ जळाले, कागदपत्रे रद्दीत गेली. अशा ठिकाणी एका स्टुडिओची रोजची हालचाल हजारो फोटोंत शाबूत राहणे म्हणजे नशीबच म्हणायचे. देविका राणीचे देखणे फोटो कुणीही काढले असते. दिवे धरणारी माणसे, उन्हात मांडलेली ट्रॉली, शॉटची वाट पाहत बसलेला ताफा, हे फोटो त्या काळात कुणाला काढावेसे वाटत होते?

१९३९ च्या सप्टेंबरमध्ये इंग्लंडने जर्मनीविरुद्ध युद्ध पुकारले. मालाडला ‘कंगन’ चालू होता. लीला चिटणीस या मराठी, पदवीधर अभिनेत्रीचा बॉम्बे टॉकीजमधला हा पहिला चित्रपट. पोलीस आले आणि जर्मनांना घेऊन गेले. कालपर्यंत ज्यांना साहेब म्हणायचे ते एका दिवसात शत्रू राष्ट्राचे नागरिक ठरले. ओस्टेनचे काम एन. आर. आचार्य यांनी पुरे केले. रायने खटपट केली, पण सरकारने दाद दिली नाही. त्यातून तो सावरलाच नाही. १९४० च्या मे महिन्यात त्याचा मृत्यू झाला. ओस्टेन साठी ओलांडलेला, त्याला वयाकडे पाहून सोडले आणि तो जर्मनीला परतला. विर्शिंग छत्तिशीतला. त्याला सोडण्याचे काही कारण नव्हते.

हिंदुस्थानातल्या जर्मनांच्या छावण्यांचा इतिहास मराठी मुलखात फारसा सांगितला जात नाही, पण तो घडला बराचसा इथेच. सुरुवातीला अहमदनगर, मग देवळाली, नंतर देहरादून. बायकामुलांसाठी पुरंदर आणि साताऱ्याला सोय होती. मुंबईहून नगरला न्यायचे तर कल्याणहून कर्जतची लाइन धरायची आणि देवळालीला न्यायचे तर कसाऱ्याची. कुठेही जा, ठाणे-कल्याण चुकत नाही. आज डोंबिवलीच्या फलाटावर उभे राहून ज्या लांब पल्ल्याच्या गाड्यांना आपण लोकल अडवल्याबद्दल शिव्या घालतो, त्यांच्याच वाटेने तेव्हा सैनिक, तोफा आणि कैदी जात होते. खुद्द कल्याणजवळ याच युद्धाने मोठी लष्करी छावणी वसवली. फाळणीनंतर तिच्या बराकींत सिंधी निर्वासित आले आणि १९४९ मध्ये त्या वस्तीचे उल्हासनगर झाले. देहरादूनच्या छावणीतून हाइनरिश हारर १९४४ मध्ये निसटला, तिबेटात पोहोचला आणि पुस्तक लिहून जगप्रसिद्ध झाला. विर्शिंग निसटला नाही. युद्ध संपेपर्यंत तारांच्या आतच राहिला. प्रकाशावर जगणाऱ्या माणसाची छत्तीस ते बेचाळीस ही ऐन उमेदीची वर्षे अशी गेली.

तो आत असताना बाहेर मालाडमध्ये एक गोष्ट घडली, आणि माझ्या मते त्याच्या कारकिर्दीचे खरे माप तिच्यात आहे. बॉम्बे टॉकीज बंद पडली नाही. स्नेहप्रभा प्रधानांचा ‘पुनर्मिलन’ आला, १९४३ मध्ये ‘किस्मत’ आला आणि कलकत्त्याच्या रॉक्सी थिएटरात तो तीन वर्षांहून जास्त चालला. ‘किस्मत’चा कॅमेरामन आर. डी. परिंजा, बॉम्बे टॉकीजमध्येच विर्शिंगच्या काळात तयार झालेला. शत्रू म्हणून उचललेल्या माणसाची जागा तिथल्याच माणसाने घेतली आणि स्टुडिओच्या इतिहासातला सर्वांत मोठा धंदा करून दाखवला. शिकवण्याची अट रायने घातली होती. ती इतकी पूर्ण झाली, की शिकवणाऱ्यावाचून काही अडले नाही.

युद्धानंतर विर्शिंग सुटला तेव्हा जर्मनीत परत जाण्यासारखे फार काही उरले नव्हते. म्युनिक बाँबहल्ल्यांत भाजून निघाले होते. इकडे बॉम्बे टॉकीजही पूर्वीची राहिली नव्हती. देविका राणी आपला हिस्सा विकून, चित्रकार स्वेतोस्लाव रोरिक यांच्याशी लग्न करून निघून गेली होती, आणि स्टुडिओ आता अशोककुमार व सावक वाच्छा यांच्या हातात होता. एकेकाळी ज्याच्या चेहऱ्यावर उजेड बसवायला विर्शिंगला कष्ट पडले असतील, तो लॅबोरेटरीतला पोरगा आता मालक झाला होता. त्याने आपल्या जुन्या कॅमेरामनला बोलावले.

१९४९ मध्ये ‘महल’ आला. कमाल अमरोही यांचे हे पहिले दिग्दर्शन. गोष्ट तशी साधी: एक ओसाड वाडा, त्यात अपुऱ्या राहिलेल्या प्रेमाची दंतकथा, नवा मालक वाड्यात पाऊल ठेवतो तर भिंतीवरच्या जुन्या तसबिरीतला चेहरा हुबेहूब त्याचाच. मग रात्री कुणीतरी गाऊ लागते. हे कथानक कुणी दिवसाउजेडी वाचून दाखवले तर हसू येईल. ते खरे वाटते याचे श्रेय लताबाईंच्या आवाजाला दिले जाते आणि ते योग्यच आहे. पण त्या गाण्यात आपण बघत काय असतो? घड्याळाचे ठोके पडतात, अशोककुमार आवाजाच्या मागावर निघतो. तो खोलीत शिरतो तेव्हा खोली पूर्ण दिसत नाही, दिव्याचा एक तुकडा फक्त दिसतो आणि बाकीचे आपण मनाने भरून काढतो. झोक्यावर मधुबाला, तीही कधी उजेडात, कधी अंधारात. झोका पुढे आला की चेहरा उमटतो, मागे गेला की विझतो. माणूस आहे की भूत, हा चित्रपटाचा सगळा प्रश्न त्या झोक्याच्या दोन टोकांत मांडलेला आहे, आणि तो लेखकाने नव्हे, दिवे मांडणाऱ्याने मांडला आहे.

नवशिका कॅमेरामन अंधार दाखवायचा तर दिवे कमी करतो आणि पडद्यावर नुसता राखाडी गाळ येतो. काळ्या-पांढऱ्या फिल्ममध्ये गडद काळे हवे असेल तर शेजारी कुठेतरी लख्ख पांढरे लागते. त्यासाठी वर तराफ्यावर भरपूर दिवे चढवायचे आणि त्यांचा उजेड कापून कापून नको तिथून काढून टाकायचा. हे काम वेळखाऊ, आणि स्टुडिओत वेळ म्हणजे पैसा. दमलेल्या, कर्जात बुडत चाललेल्या कंपनीत एवढा वेळ घेण्याची मुभा मिळाली, हे अमरोही आणि अशोककुमार दोघांनाही मानायला हवे. ‘महल’ धो धो चालला, तरी बॉम्बे टॉकीज सावरली नाही. १९५० मध्ये विर्शिंगने तिच्यासाठी ‘संग्राम’ केला. १९५४ च्या सुमाराला स्टुडिओ कायमचा बंद झाला. मालाड पश्चिमेला ती जागा आजही ‘बॉम्बे टॉकीज कंपाउंड’ म्हणून रिक्षावाल्यांना माहीत आहे. आत छोटे कारखाने आणि गोदामे आहेत.

विर्शिंग आता अमरोहींचा माणूस झाला. १९६० च्या ‘दिल अपना और प्रीत पराई’मध्ये त्याच्यासमोर ‘महल’च्या नेमकी उलटी अडचण होती. इस्पितळ, पांढऱ्या भिंती, पांढरे कोट आणि पांढऱ्या पोशाखातली नर्स मीना कुमारी. पांढऱ्यावर पांढरे. त्यातून चेहरा वेगळा काढायचा तर पांढऱ्याच्या छटा पाडाव्या लागतात. त्याने त्या पाडल्या आहेत. चित्रपटाची गोष्ट विसरली जाते, मीना कुमारीचा चेहरा विसरता येत नाही.

अमरोहींच्या ‘पाकीझा’ची तयारी पन्नाशीच्या दशकातच सुरू झाली होती. चित्रीकरण आधी कृष्णधवल सुरू झाले, मग रंगीत करायचे ठरले, मग सिनेमास्कोप. प्रत्येक वेळी आधीचे काम बाजूला टाकायचे आणि पुन्हा नव्याने उजेड मांडायचा. सिनेमास्कोपचे भिंग परदेशातून भाड्याने आले होते. त्यात फोकसचा सुताएवढा दोष आहे असे अमरोही म्हणत राहिले, कॅमेऱ्यावरच्या मंडळींना तो दिसेना, शेवटी परदेशातल्या तज्ज्ञांनी तपासून अमरोहींचे म्हणणे खरे ठरवले आणि कंपनीने खूश होऊन भिंग भेट दिले, अशी एक कथा सांगतात. तिच्यात तिखटमीठ किती आणि वस्तुस्थिती किती, कोण जाणे. चित्रपटाच्या मंडळींना अशा कथा फार आवडतात, आणि त्यांत दिग्दर्शक नेहमी जिंकतो.

१९६४ मध्ये अमरोही आणि त्यांची पत्नी, ‘पाकीझा’ची नायिका मीना कुमारी वेगळे झाले आणि चित्रपट अर्ध्यावर थांबला. ११ जून १९६७ रोजी विर्शिंग मुंबईत वारला. चौसष्ट वर्षांच्या आयुष्यात तीसहून अधिक वर्षे त्याने या मुलखात काढली होती, त्यांतली सहा कैदेत.

दोन वर्षांनी ‘पाकीझा’ पुन्हा सुरू झाला. आता नायिका आजारी, नटांची वये उतरलेली, आणि ज्याने सगळ्या उजेडाची घडी बसवली तो कॅमेरामन नाही. तेव्हा एकाने नव्हे, अनेकांनी हात लावला. ‘कागज के फूल’वाले व्ही. के. मूर्ती, ‘मुघल-ए-आझम’वाले आर. डी. माथुर यांच्यासारख्या आपापल्या ठिकाणी बड्या असलेल्या कॅमेरामननी जमेल तसे तुकडे पुरे करून दिले. या कामात स्वतःची तऱ्हा दाखवायची सोय नव्हती. आधीच्या शॉटमध्ये कंदिलाचा उजेड जेवढा पिवळा, तेवढाच आपल्यात यायला हवा, आणि पडद्यावर जोड दिसता कामा नये. ४ फेब्रुवारी १९७२ रोजी मुंबई सेंट्रलच्या मराठा मंदिरात चित्रपट लागला. दोन महिने उलटतात न उलटतात तोच, ३१ मार्चला मीना कुमारी गेली आणि मग गर्दी हटेना. कुठला शॉट कुणाचा हे शोधायचा नाद पुढे चित्रपटाच्या अभ्यासकांना लागला, पण खात्रीने बोट ठेवणे अवघड जाते. छायाचित्रणाच्या पाटीवर नाव एकट्या जोसेफ विर्शिंगचे आहे, आणि बाकीच्यांपैकी कुणी त्यावर हरकत घेतल्याचे ऐकिवात नाही.